जुन्या रेडमी नोट ४ वर कस्टम रिकव्हरी: सोलापूरच्या पूर्व भागातलं एक प्रकरण

पार्श्वभूमी

ज्यांचा हा फोन त्यांना मी इथे अण्णा म्हणतो. नाव, दुकान, गल्ली सगळं झाकलंय, आणि त्यांना विचारूनच लिहितोय. अण्णांचं पूर्व भागात शाळेचे युनिफॉर्म शिवायचं छोटं युनिट आहे, आठ मशीन, एक लांब कटिंग टेबल, आणि खिशावरच्या मोनोग्रामचं काम बाहेर एका भरतकामवाल्याकडे जातं. वडील लूमवर होते, अण्णांनी लूम सोडून शिलाई धरली. बाहेरच्यांना सोलापूर म्हणलं की चादर आणि टॉवेल आठवतो पण युनिफॉर्मचा धंदा पण इथं मोठा आहे आणि मार्च संपला की जूनपर्यंत ह्या लोकांना जेवायला वेळ नसतो.

मुलगी बीकॉमला आहे, ऑर्डर आणि हिशोब तीच बघते. मी त्यांच्या ओळखीतला, मोबाईल रिपेअरिंगचं टेबल आहे माझं, सॉफ्टवेअरची कामं जास्त करतो.

फोन रेडमी नोट ४, स्नॅपड्रॅगन ६२५ वाला, ३ जीबी रॅम आणि ३२ जीबी स्टोरेज. हे मॉडेल भारतात जानेवारी २०१७ मध्ये आलं आणि अण्णांनी त्याच वर्षी घेतला. दिवाळीत त्यांनी नवीन फोन घेतला, तेव्हापासून जुना कटिंग टेबलच्या ड्रॉवरमध्ये होता, पण बंद नव्हता. धंद्याचा दुसरा नंबर त्याच्यावरच चालू होता, शाळेचे लोक मापांच्या याद्या त्या नंबरवर पाठवायचे.

अडचण

मुलीला बिलिंगचं अॅप टेबलावरच्या फोनवर पाहिजे होतं, म्हणजे कटिंग चालू असतानाच कुठल्या शाळेचे किती पीस झाले ते टाकता येईल. फोनवर अँड्रॉइड ७ आणि एमआययूआय ११ (अँड्रॉइडवर बसवलेलं शाओमी कंपनीचं स्वतःचं सॉफ्टवेअर), ह्या मॉडेलला त्याच्या पुढं कंपनीचं अपडेट नाही. अॅपचं नवीन व्हर्जन अँड्रॉइड ७ वर चढेना, प्ले स्टोअर सरळ सांगायचं की तुमच्या डिव्हाइसला चालत नाही. फोन तसा ठणठणीत. स्क्रीनवर एक चरा, चार्जिंगचं सॉकेट जरा ढिलं, बाकी सगळं चालू.

तिनं कुठंतरी बघितलं होतं की जुन्या फोनवर नवीन अँड्रॉइड टाकता येतं, म्हणून माझ्याकडं आली. मी म्हणलं येतं, पण आधी बूटलोडर (फोन चालू होताना सगळ्यात आधी चालणारा प्रोग्राम, कंपनी त्याला कुलूप लावून देते) अनलॉक करायला लागतंय, मग रिकव्हरी टाकायची, मग रॉम, म्हणजे नवीन अँड्रॉइडची पूर्ण सिस्टीम. अण्णा शेजारीच कापड लावत होते, त्यांनी मान हलवली, म्हणाले, "टाक की बे रिकव्हरी, चांगलंच आहे." हे वाक्य मला नंतर फार आठवलं, कारण सगळं प्रकरण ह्या एका शब्दावर फिरलंय.

थोडं समजावून सांगतो. फोनमध्ये मेन सिस्टीमपासून वेगळं एक छोटं पार्टिशन असतं, त्याच्यात एक लहानशी स्वतंत्र सिस्टीम असते, तिला रिकव्हरी म्हणतात. सिस्टीम बिघडली तर इथून फोन पुसता येतो, अपडेट चढवता येतं. कंपनीची रिकव्हरी फक्त कंपनीची सही असलेलं पॅकेज घेते. कस्टम रिकव्हरी म्हणजे त्या जागी दुसरी बसवायची, जिच्यातून कुठलाही रॉम टाकता येतो आणि एकेका पार्टिशनचा बॅकअप काढता येतो. जास्त करून लोक टीडब्ल्यूआरपी वापरतात, ती २०११ पासून आहे, त्याच्या आधी क्लॉकवर्कमॉडचा जमाना होता. डिलीट झालेले फोटो परत आणणं हे तिचं काम नाही. आम्ही धंद्यात दिवसभर रिकव्हरी रिकव्हरी करतो, आम्हाला त्याचा दुसरा अर्थ डोक्यातच येत नाही.

कुठले पर्याय होते

सगळ्यात सरळ म्हणजे आठ-नऊ हजाराचा नवीन फोन. मी अण्णांना हेच पहिल्यांदा सांगितलं, कारण सीझन तोंडावर होता आणि प्रयोग करायची वेळ ती नव्हे. पण सीझनच्या आधी कापडात पैसा अडकलेला असतो, त्यामुळं त्यांनी नको म्हणलं.

दुसरं म्हणजे नुसता फॅक्टरी रीसेट. फोन हलका झाला असता पण अँड्रॉइड ७ ते ७ च राहणार, म्हणजे अॅपचा प्रश्न जिथल्या तिथं.

तिसरा पर्याय मुलगी बाजारातनं ऐकून आली, एका दुकानात सांगितलं की संध्याकाळपर्यंत अनलॉक करून देतो, मागचं कव्हर उघडून दोन पॉइंट जोडायचे आणि फोन ईडीएल मोडला (चिपचा आणीबाणीचा मोड, ज्यात केबलनं थेट फाइली लिहिता येतात) घ्यायचा. ही पद्धत खोटी नाही, मेलेला फोन जिवंत करायला मी स्वतः वापरतो. पण चालू फोनला अशी घाई करायची तर बोर्ड उघडावा लागतो, फाइली कुठल्या चढतात ते गिऱ्हाइकाला कळत नाही, आणि एक पार्टिशन चुकून पुसलं की नेटवर्कच जातं. मी नाही म्हणलं.

चौथा म्हणजे कंपनीच्याच एमआय अनलॉक टूलनं रीतसर अनलॉक. त्याच्यात फोनला एमआय अकाउंट जोडायचं, मग टूल सांगेल तेवढे तास थांबायचं. आम्हाला १६८ तास दाखवले, म्हणजे बरोबर सात दिवस. अण्णांना ते पटेना, "आपलाच फोन आणि आपणच थांबायचं होय," पण थांबले. हे सात दिवस मिळाले म्हणून पुढं मोठं नुकसान टळलं.

अजून एक निर्णय होता तो रिकव्हरी कुठली घ्यायची ह्याचा. मी लिनिएजओएस हा कस्टम रॉम टाकणार होतो, त्याची स्वतःची साधी रिकव्हरी असते, रॉम चढवायला ती पुरते. मी टीडब्ल्यूआरपी घेतली कारण मला रॉमच्या आधी ईएफएसचा बॅकअप मेमरी कार्डवर पाहिजे होता. दोन्ही आयएमईआय (फोनचे ओळख नंबर) आणि नेटवर्कचं कॅलिब्रेशन तिथल्या पार्टिशनमध्ये असतं, ते उडालं तर फोनला सिम दिसत नाही, आणि मग लोक कुठल्यातरी टूलनं आयएमईआय लिहायच्या मागं लागतात. आयएमईआयशी छेडछाड कायद्यानं गुन्हा आहे, २०१७ मध्ये त्याचे वेगळे नियम आले. स्वतःच्या फोनचा स्वतःचा बॅकअप हातात असला की त्या वाटेला जायचं कामच पडत नाही.

थांबायचे सात दिवस

पहिल्या दिवशी डेव्हलपर ऑप्शन चालू केले, सिम घालून मोबाईल डेटावर अकाउंट जोडलं (वायफायवर ते जोडून घेत नाही, डेटाच लागतो). बॅटरी काढून बघितली तर मधोमध जराशी फुगलेली. फुगलेली बॅटरी घेऊन फ्लॅशिंग (फोनवर सॉफ्टवेअर लिहायचं काम) करायचं नाही, हे माझं पक्कं आहे, शिवाय आपल्याकडचं मार्चचं ऊन. नवीन बॅटरी घातली. मूळ ४१०० एमएएचची असते, तेवढीच घेतली.

मॉडेलची खात्री केली. रेडमी नोट ४ ह्या नावानं चीनमध्ये २०१६ ला मीडियाटेक चिपवाला वेगळाच फोन आलेला आहे, त्याची फाइल ह्याला चालत नाही. भारतातला स्नॅपड्रॅगनवाला, त्याचं कोडनेम मिडो. नावावर विश्वास ठेवू नका, फोन जोडून एडीबीतून (कॉम्प्युटरवरून फोनला कमांड द्यायचं टूल) डिव्हाइसचं कोडनेम विचारा. आम्हाला मिडो आलं, मग मिडोचीच टीडब्ल्यूआरपी तिच्या अधिकृत साइटवरून घेतली आणि डाउनलोडचा चेकसम (फाइल मूळचीच आणि पूर्ण आहे का ते पडताळायचा आकडा) जुळवला. हे दोन मिनिटांचं काम लोक सोडून देतात.

बॅकअपचं मी मुलीला सांगितलं होतं, फोटो, कॉन्टॅक्ट आणि व्हॉट्सअॅप, एवढं लॅपटॉपवर घे, अनलॉक झालं की फोन पूर्ण पुसला जाणार. तिनं दुसऱ्याच दिवशी केबल लावून सगळं कॉपी केलं आणि झालं म्हणून मला कळवलं.

चौथ्या दिवशी तिचा फोन आला, दादा, कॉपी केलेल्यात घरचे फोटो आहेत, लग्नाचे आहेत, पण शाळेच्या मापांच्या याद्या एक पण नाही. गेलो. बघितलं तर धंद्याचा नंबर ड्युअल अॅपमधल्या, म्हणजे त्याच फोनवर बनवलेल्या दुसऱ्या प्रतीतल्या, व्हॉट्सअॅपवर होता. एमआययूआयमध्ये ड्युअल अॅपची स्टोरेज वेगळी असते, सिस्टीमच्या हिशोबानं तो दुसरा युजर, ९९९ नंबरचा, आणि कॉम्प्युटरला केबल लावली की फक्त पहिल्या युजरची स्टोरेज दिसते. म्हणजे तिनं केलेली कॉपी बरोबर होती, पण अर्ध्या फोनची होती. फोनच्या फाइल मॅनेजरमधून तो दुसरा फोल्डर उघडला, मेमरी कार्डवर हलवला, कार्ड लॅपटॉपला लावून मोजलं. मापांचे जवळपास अकराशे फोटो निघाले, वहीचं पान सरळ धरून काढलेले, वर शाळा आणि तुकडी लिहिलेली. महत्त्वाचे चॅट एक्स्पोर्ट करून मेलवर घेतले. त्या दुकानात संध्याकाळपर्यंत काम उरकलं असतं तर हे सगळं गेलं असतं आणि कुणाला कळायच्या आत गेलं असतं.

मला त्या दिवशी वाटलं की आता सगळं हाताला लागलंय.

प्रत्यक्ष काम

आठव्या दिवशी संध्याकाळी त्यांच्याच घरी बसलो, लॅपटॉप माझा, चार्ज फुल, कारण लाइटचा भरवसा नाही. आवाज कमीचं बटण आणि पॉवर एकत्र धरलं की फास्टबूट मोड (ज्यात लॅपटॉपवरून फोनच्या पार्टिशनवर थेट लिहिता येतं) येतो, स्क्रीनवर कानटोपीवाला ससा अँड्रॉइडचं बाहुलं दुरुस्त करत बसलेला दिसतो. मुलगी बघून हसली.

लॅपटॉपला फोन दिसेना. ड्रायव्हर बघितला, ठीक. केबल बदलली, त्यांच्या घरातल्या तीन केबलपैकी दोन नुसत्या चार्जिंगच्या, आत डेटाची तारच नाही. तिसरी लावली तर दिसायचा आणि जायचा, ढिल्या सॉकेटमुळं. शेवटी माझी केबल, आणि निळा यूएसबी ३ चा पोर्ट सोडून जुना यूएसबी २ चा पोर्ट, तेव्हा कुठं टिकला. फास्टबूटची अर्धी रडगाणी ह्या केबल आणि पोर्टचीच असतात, फोनचा काही दोष नसतो.

अनलॉक टूलनं विचारलं, डेटा जाणार, नक्की का. मी अण्णांकडं बघितलं, ते म्हणाले, "कर की." केलं. मिनिटभरात अनलॉक, फोन पुसून नव्यासारखा चालू झाला. परत फास्टबूटला घेऊन डिव्हाइस इन्फोची कमांड दिली, अनलॉक्डच्या पुढं ट्रू आलं.

मग रिकव्हरी फ्लॅश करायची कमांड. सेंडिंग, ओके. रायटिंग, ओके. दोन-तीन सेकंद लागतात, ज्या कामासाठी आठ दिवस घातले ते एवढंसं. आणि नेमकं तेव्हाच खालून आवाज आला, "पाणी आलं!" ज्यांचं सोलापुरात घर आहे त्यांना सांगायला नको, चार-पाच दिवसांनी नळ येतो, वेळेचा पत्ता नसतो, घरातला प्रत्येक माणूस उठतो. मोटर लावायची, पाइप ओढायचा, घागरी पुढं घ्यायच्या. मुलगी पळाली, मी पण पाइप धरायला उठलो, आणि उठता उठता सवयीनं रीबूट टाइप करून एंटर मारलं.

परत येऊन बघतो तर फोन एमआययूआयमध्ये चालू होऊन भाषा विचारत बसलेला. बंद केला, आवाज वाढवचं बटण आणि पॉवर धरलं, तर कंपनीचीच जुनी रिकव्हरी. टीडब्ल्यूआरपी गायब. हे का होतं ते बऱ्याच जणांना माहीत नसतं, त्यांना वाटतं फ्लॅशच झालं नाही आणि ते दहा वेळा तेच करत बसतात. कंपनीच्या सिस्टीममध्ये एक स्क्रिप्ट असते, ती चालू होताना रिकव्हरीचं पार्टिशन तपासते आणि वेगळं काही दिसलं की आपली मूळ रिकव्हरी परत लिहून ठेवते. म्हणून फ्लॅश झाल्यावर पहिला बूट सिस्टीममध्ये जाऊच द्यायचा नाही, बटणं धरून थेट रिकव्हरीतच जायचं.

दुसऱ्यांदा अजून सावध रस्ता घेतला. फ्लॅश न करता आधी फास्टबूटमधूनच ती इमेज तात्पुरती बूट केली. ह्यात पार्टिशनवर काही लिहिलं जात नाही, रिकव्हरी फक्त मेमरीत चालते, टच चालतोय का, कार्ड दिसतंय का, हे बघता येतं. सगळं चाललं. मग फ्लॅश केलं, लगेच दोन्ही बटणं धरली, एमआयचा लोगो आला की पॉवर सोडलं आणि आवाजाचं धरून ठेवलं, आणि टीडब्ल्यूआरपीची स्क्रीन आली.

तिथं तिनं पासवर्ड विचारला. स्टोरेज एन्क्रिप्ट (किल्लीशिवाय वाचता येणार नाही अशी) असते म्हणून विचारते, आम्ही कॅन्सल केलं, मग इंटर्नल स्टोरेज शून्य एमबी दाखवली. घाबरायचं नाही. सिस्टीम बदलायची परवानगी द्यायची का असा प्रश्न येतो, तिथं स्वाइप केलं कारण सिस्टीम जाणारच होती. ज्यांना कंपनीचाच रॉम ठेवायचा आहे त्यांनी हे करू नये, व्हेरिफिकेशन मोडलं की फोन लोगोवर अडकतो.

पहिलं काम ईएफएस. बॅकअपमध्ये ईएफएस, बूट आणि परसिस्ट निवडलं, जागा मेमरी कार्ड, स्वाइप. झाल्यावर कार्ड काढून लॅपटॉपवर एक कॉपी, मुलीच्या मेलवर एक. मग फॉरमॅट डेटा, तिथं येस टाइप करायला लागतं, त्यानं जुनं एन्क्रिप्शन जातं. रिकव्हरी परत चालू केली, स्टोरेज दिसायला लागली, अँड्रॉइड ११ वाला लिनिएजओएस १८.१ आणि त्याच्यावर लगेच, पहिल्या बूटच्या आधीच, गुगल अॅपचं लहान पॅकेज चढवलं. पहिल्यांदा चालू व्हायला काही मिनिटं घेतो, मुलगी दर अर्ध्या मिनिटानं बघून जात होती. चालू झाला. *#०६# दाबून दोन्ही आयएमईआय बॉक्सवरच्या नंबरशी जुळवले, सिम घातलं, रेंज आली. अण्णांच्या घरी भाकरी आणि शेंगा चटणी खाऊन मी निघालो.

दुसऱ्या दिवशी

सकाळी अकराला अण्णांचाच फोन. "अरे, माझ्या नोट्स दिसंनात की."

मला पहिल्यांदा कळलंच नाही. मग कळलं की एमआययूआयच्या नोट्स अॅपमध्ये त्यांनी पाच-सहा वर्षं कुठल्या शाळेच्या मोनोग्रामला कुठला दोरा ते लिहून ठेवलं होतं. चौदा शाळा, प्रत्येक मोनोग्रामला तीन-चार रंग, प्रत्येक रंगाचा शेड नंबर. भरतकामवाल्याकडं डिझाइन असतं पण दोऱ्याचा नंबर अण्णा दर वेळी फोनमधून वाचून सांगायचे. ते अॅप आपला मजकूर आत, खाजगी जागेत ठेवतं, केबल लावली तरी दिसत नाही, आणि क्लाउडचं सिंक बंद होतं.

मी म्हणलं, अण्णा, मी विचारलं होतं ना काय काय ठेवायचंय. तर ते अगदी शांतपणे म्हणाले, "तू रिकव्हरी टाकतो म्हणला होतास बे. मला वाटलं मागचं सगळं परत येतंय. उलट जुने डिलीट झालेले पण येतील म्हणून मी खूश होतो."

ते बरोबरच होते. बाजारात सगळीकडं पाट्या असतात, डेटा रिकव्हरी करून मिळेल. त्यांनी तोच शब्द ऐकला. मी फोन पुसला जाणार हे मुलीला सांगितलं होतं, अण्णांना समोर बसवून सांगितलं नव्हतं, आणि नोट्स अण्णांच्या होत्या, मुलीला त्या आहेत हेच माहीत नव्हतं. मी अण्णांकडं बघून विचारलं तेव्हा ते "कर की" म्हणाले, आणि मी तो होकार धरला.

त्यांनी विचारलं, आता त्या रिकव्हरीतनं निघत नाही का. निघत नाही. टीडब्ल्यूआरपी डेटा पार्टिशनचा पूर्ण बॅकअप घेऊ शकते, नोट्ससकट, पण ती बसवायला आधी अनलॉक लागतं आणि अनलॉकमध्येच फोन पुसला जातो. म्हणजे जे साधन हे वाचवू शकलं असतं ते डेटा गेल्यावरच हातात येतं. आणि स्टोरेज एन्क्रिप्ट होती, पुसताना किल्ली पण गेली, त्यामुळं कुठलंही स्कॅनिंगचं सॉफ्टवेअर लावून उपयोग नाही. मी त्यांना आशा लावून ठेवली नाही, त्याच दिवशी स्पष्ट सांगितलं.

शेड नंबर परत कसे जमवले

युनिटमध्ये चिंध्यांच्या पोत्यात जुने खिसे होते, मोनोग्राम तिरका बसला म्हणून उसवून टाकलेले. अण्णांनी पोतं ओतलं आणि मी, अण्णा, मुलगी तिघं बसलो. चौदापैकी अकरा शाळांचे खिसे सापडले. भरतकामवाल्याकडून शेड कार्ड आणलं, त्याच्यात प्रत्येक रंगाचा दोऱ्याचा बारीक झुपका आणि खाली नंबर असतो.

ट्यूबलाइटखाली नेव्ही ब्लू आणि काळसर निळा सारखेच दिसतात, मरून आणि चॉकलेटी पण. म्हणून दुसऱ्या दिवशी सकाळी सातला गच्चीवर गेलो, ऊन चढायच्या आत. अण्णा खिसा उलटा करायचे, कारण पुढच्या बाजूचा दोरा धुवून धुवून उडालेला असतो, मागच्या बाजूला गाठीजवळ मूळ रंग राहतो. ती मागची गाठ कार्डवरच्या झुपक्याला चिकटवून धरायची, डोळे बारीक करून बघायचं, आणि नंबर बोलायचा. मुलगी लिहून घेत होती. मला तीन निळ्यांत फरक दिसत नव्हता, अण्णांना लांबून दिसत होता.

उरलेल्या तीन शाळांपैकी दोघांचा एकेक जुना शर्ट मागवून घेतला. एकीचा पिवळा शेवटपर्यंत नक्की झाला नाही, तिथं दोन शेडचे नमुने शिवून शाळेला दाखवायला लागले आणि त्या ऑर्डरला आठवडाभर उशीर झाला. ते नुकसान ह्या प्रकरणाच्या खात्यावर आहे, मी शिलाईचे पैसे देऊ केले, अण्णांनी घेतले नाहीत.

फोनचं काय झालं

फोन चांगला चाललाय. बिलिंगचं अॅप चढलं, फिंगरप्रिंट चालतो, कॅमेऱ्याचा दर्जा आधीपेक्षा थोडा कमी वाटतो पण वहीचं पान वाचता येतं. एका बँकेचं अॅप बूटलोडर अनलॉक आहे म्हणून चालत नाही, ते आधीच धरलं होतं, पैशाची सगळी अॅप अण्णांच्या नवीन फोनवरच ठेवलीत आणि तसंच ठेवा म्हणून सांगितलंय. अनलॉक फोन आणि वर कस्टम रिकव्हरी म्हणजे फोन ज्याच्या हातात पडेल तो रिकव्हरीतून आत जाऊ शकतो, म्हणून स्क्रीन लॉक लावला आणि एन्क्रिप्शन चालू आहे का ते सेटिंगमध्ये जाऊन बघितलं. टेबलावरचा फोन दहा जण हाताळतात, हे विसरून चालत नाही.

आता हेच काम आलं तर

अनलॉकच्या आधी एमआययूआयचाच लोकल बॅकअप घेईन. सेटिंगमध्ये असतो, त्याच्यात एसएमएस, नोट्स, सेटिंग सगळं येतं, आणि तो फोल्डर लॅपटॉपवर घेतला की दुसऱ्या एमआययूआयवाल्या फोनवर उघडता येतो. आमचे एसएमएस पण गेले, त्यात विशेष काही नव्हतं एवढंच. नोट्स तर एकेक करून व्हॉट्सअॅपला शेअर केल्या असत्या तरी अर्ध्या तासात झालं असतं. ड्युअल अॅप आणि सेकंड स्पेस (एकाच फोनमधली दुसरी वेगळी जागा) चालू आहे का हे मी आता फोन हातात घेतल्यावरच बघतो.

"काय काय ठेवायचंय" असं विचारत नाही. फोन ज्याचा आहे त्याच्या हातात देतो आणि म्हणतो, एकेक अॅप उघडून दाखवा, रोज कुठलं उघडता, महिन्यातनं एकदा कुठलं उघडता. पंधरा मिनिटं जातात. नोट्स, कॅल्क्युलेटरची हिस्टरी, रेकॉर्डर, कॉल रेकॉर्डिंग, अशा गोष्टी तेव्हाच निघतात.

आणि रिकव्हरी हा शब्द गिऱ्हाइकासमोर वापरायचा मी बंद केलाय. म्हणतो, फोन कोरा होणार, आत्ता ह्याच्यात जे आहे त्यातलं काहीच परत मिळणार नाही, आणि मग त्यांनाच विचारतो की मी काय म्हणलो ते मला सांगा. नवीन मॉडेल असेल तर अजून बघायला लागतं. ए आणि बी असे दोन स्लॉट असलेल्या बऱ्याच फोनमध्ये रिकव्हरीचं वेगळं पार्टिशनच नसतं, ती बूटमध्येच असते, तिथं ही कृती जशीच्या तशी करायची नाही. २०१८ नंतरच्या काही शाओमी फोनला अँटी-रोलबॅक आहे, जुनं व्हर्जन चढवलं की फोन मरतो. मिडोला ह्यातलं काही नाही, म्हणून तो सोपा.

अण्णांनी शेड नंबरची यादी ह्या वेळी कागदावर लिहिली, मुलीनं तिचा फोटो काढून दोन मेलवर टाकला, आणि कागद कटिंग टेबलच्या वर भिंतीला टेपनं चिकटवलाय. त्या एका शाळेच्या पिवळ्याच्या पुढं नंबर अजून पेन्सिलनं लिहिलेला आहे.